जपानी ड्रॅगनला मराठीत काय म्हणायचं?

मोगरा_नागोया

नमस्कार मंडळी. बरेच दिवस वाचनमात्र होते, आज एक प्रश्न घेऊन आले आहे.

लेक इथल्या जपानी शाळेत तिसरीत आहे. रविवारी ऑनलाइन मराठी शाळा असते. बाईंनी 'माझा आवडता प्राणी' यावर दहा ओळी लिहायला सांगितल्या. कुत्रा-मांजर बाजूला राहिलं, हिने निवडला 'र्‍यू'. मग विचारते, "आई, र्‍यूला मराठीत काय म्हणतात?" मी म्हटलं, ड्रॅगन. तर म्हणाली, "तो इंग्लिश आहे. तो आग ओकतो. आपला नाही ओकत."

तिचं बरोबर आहे. जपानचा र्‍यू (जुना देशी शब्द तात्सु) हा पाण्याचा मालक. पाऊस, नदी, तळी, समुद्राची भरती-ओहोटी, सगळं त्याच्या ताब्यात. त्याला पंख नसतात, गुहेत सोन्याच्या राशीवर तो बसत नाही, आणि राजकन्येला सोडवायला कुणी सरदार भाला घेऊन त्याच्या मागे लागत नाही (एक अपवाद आहे, त्यावर नंतर). त्याला मारायचं नसतं, मनवायचं असतं. देवळात शिरण्याआधी हात-तोंड धुवायचं जे कुंड असतं, तिथे पाणी बहुतेक वेळा काशाच्या ड्रॅगनच्या तोंडातून पडतं. आपल्याकडे गोमुख असतं ना, तसंच. टॉर्नेडोला म्हणतात तात्सुमाकी, म्हणजे ड्रॅगनचा वेढा. समुद्रघोड्याला तात्सु-नो-ओतोशिगो, ड्रॅगनचं अनौरस पोर! आणि स्वयंपाकघरातल्या साध्या नळाला 'जागुची', शब्दशः सापाचं तोंड.

मागच्या ऑक्टोबरात आम्ही क्योतोला गेलो होतो. निजो किल्ल्याला मरणाची गर्दी. त्याच्या दक्षिणेला रस्ता ओलांडला की शिन्सेन-एन नावाची एक लहानशी बाग आहे. एक तळं, त्यावर कमानीसारखा लाल पूल, बदकं. पर्यटक फारसे फिरकत नाहीत. तळ्याकाठी ज्या देवतेचं छोटं देऊळ आहे तिचं नाव झेन्न्यो र्‍यूओ.

गोष्ट अशी. साल ८२४. भयंकर दुष्काळ. बादशहाने कूकाई या भिक्षूला पाऊस पाडायला सांगितलं. कूकाईचा एक स्पर्धक होता, शुबिन. त्याने मंत्र घालून देशातले सगळे ड्रॅगन एका पाण्याच्या घड्यात कोंडून ठेवले. कूकाई दिवसामागून दिवस जप करतोय आणि थेंब पडत नाही. शेवटी त्याने ध्यान लावून पाहिलं तर एकच ड्रॅगन शुबिनच्या हातून निसटलेला: हिमालयातल्या अनवतप्त सरोवरातला. कूकाईने त्याला बोलावलं. आला तो कसा, तर एका मोठ्या सापाच्या डोक्यावर बसलेला वीतभर लांबीचा सोनेरी साप! त्यानंतर धो धो पाऊस.

म्हणजे क्योतोत पाऊस पाडणारा ड्रॅगन हिमालयातून आला, आणि दिसायला साप. त्या पुलावर उभी राहून मी लेकीला म्हटलं, अगं हा तर नाग आहे. तिला काही ते पटलं नाही. "नागाला पाय कुठे असतात?"

तर मराठी शाळेच्या वहीत काय लिहायचं? नाग, महानाग, व्याळ की सरळ ड्रॅगन?

शंकासुर

छान लिहिलंय. पण हा धागा आता "बघा, सगळं आपल्याकडूनच गेलं" या वळणावर जाणार हे मला इथूनच दिसतंय. वीस प्रतिसादांच्या आत पुष्पक विमान येईल. मी आपला कट्ट्यावर चहा घेऊन बसतो.

घाटावरचा

शंकासुरा, तू बसच. पण जे आहे ते आहे. नागच तो. वासुकी, तक्षक, शेष. आपल्याकडे नागपंचमीला वारुळाला दूध-लाह्या, तिकडे तळ्याकाठी देऊळ. फरक काय?

मोगरा_नागोया

घाटावरचा, दोघेही अर्धे अर्धे बरोबर आहात.

आधी तुमची बाजू. बौद्ध ग्रंथ संस्कृतातून चिनीत गेले तेव्हा 'नाग' शब्दाला भाषांतरकारांनी त्यांच्याकडचा ड्रॅगनचा शब्द लावला. तिथून कोरिया, तिथून जपान. सद्धर्मपुंडरीक सूत्रात आठ नागराजांची यादी आहे: नंद, उपनंद, सागर, वासुकी, तक्षक, अनवतप्त, मनस्वी, उत्पलक. जपानीत हे 'हाचिदाई र्‍यूओ', आठ महान ड्रॅगनराजे. वासुकीचा झाला वाशुकित्सु, तक्षकाचा तोकुशाका. त्याच सूत्रात सागर नागराजाची आठ वर्षांची मुलगी क्षणात बुद्धत्वाला पोचते आणि मोठमोठे भिक्षू तोंडात बोट घालून बघत राहतात. जपानी बायकांच्या धार्मिक आयुष्यात या पोरीला शतकानुशतकं मोठा मान होता, कारण बाईला बुद्धत्व मिळतं का, या वादात तीच त्यांची साक्षीदार. आणि आपले आचार्य नागार्जुन? जपानीत त्यांचं नाव र्‍यूजु. पहिलं अक्षर ड्रॅगनचं, दुसरं वृक्षाचं.

मला सगळ्यात आवडलेली गोष्ट १२११ सालची. कामाकुराचा शोगुन सानेतोमो हा जात्याच कवी. त्या वर्षी पूर आला, लोक हवालदिल झाले, आणि त्याने एक वाका (छोटी जपानी कविता) लिहिली. अर्थ साधारण असा: प्रसंगी अति झाला तर तोच प्रजेचा आकांत, आठ महानागराजांनो, पाऊस आवरा. तक्षक आणि वासुकीला "पुरे करा आता" म्हणून विनवणारा जपानी सेनापती! आपल्याकडे धोंडी काढून पाऊस मागतात, थांबव म्हणून कुणी एवढं रीतसर पत्र लिहिल्याचं मला तरी आठवत नाही.

आता शंकासुराची बाजू. त्या प्राण्याचं शरीर आपलं नाही. हरणाची शिंगं, मिशा, माशाचे खवले, चार पाय, हे चीनहून आलेलं. पंजाला साधारण तीन नखं दिसली की चित्र जपानी समजायचं. चीनमध्ये पाच नखांचा मान बादशहाचा. आणि या दोन्हींच्या आधीपासून जपानचे स्वतःचे साप होतेच. ओरोचीबद्दल कुणी लिहिणार का? मी आता स्वयंपाकाला लागते.

घणाचे_घाव

ओरोचीसाठी मी हात वर करतो. पोलादाच्या कारखान्यात जन्म गेला, त्यामुळे ही गोष्ट माझ्या खास जिव्हाळ्याची.

कोजिकी (७१२) आणि निहोन शोकी (७२०) या जपानच्या सगळ्यात जुन्या दोन ग्रंथांत ही कथा येते. सूर्यदेवी आमातेरासूचा उपद्रवी भाऊ सुसानोओ याला स्वर्गातून हाकललं. तो उतरला इझुमो प्रांतात, हिई नदीच्या वरच्या अंगाला. तिथे एक म्हातारा-म्हातारी मुलीला मध्ये बसवून रडत होते. आठ मुली होत्या, दरवर्षी यामाता-नो-ओरोची येऊन एक खातो, आता ही शेवटची, कुशिनादा. ओरोचीचं वर्णन ऐका: आठ डोकी, आठ शेपट्या, डोळे पिकलेल्या फोपटीसारखे लालबुंद, अंगावर शेवाळ आणि सुरू-देवदाराची झाडं उगवलेली, लांबी आठ दऱ्या आणि आठ डोंगर, पोट कायम रक्ताने माखलेलं.

सुसानोओने मुलीला फणी करून केसात खोचली (ही मला फार आवडलेली जागा), आठ दारं, आठ पिंपं, त्यात पुन्हा पुन्हा गाळलेली कडक दारू. आठही डोकी पिऊन पडली, याने तलवारीने खांडोळी केली. शेपटी कापताना याच्या तलवारीचा टवका उडाला. फाडून बघतो तर आत दुसरी तलवार. तीच कुसानागी, जपानच्या तीन राजचिन्हांतली एक.

आता धंद्याची गोष्ट. हिई नदीच्या खोऱ्यातल्या वाळूत लोहकण सापडतात. तिथे 'तातारा' नावाची मातीची भट्टी चालते, अजूनही. ओकुइझुमोला १९७७ पासून खास तलवारी घडवणाऱ्यांसाठी ती पुन्हा सुरू केली. तीन दिवस तीन रात्री भट्टीपासून हलायचं नाही. एकावर एक थर, लोहवाळू आणि कोळसा. शेवटी भट्टी फोडायची आणि आतला पोलादाचा धगधगता गोळा ओढून काढायचा. भट्टी मोडल्याशिवाय पोलाद हाती येत नाही. ओरोचीला फाडल्याशिवाय तलवार मिळत नाही. लाल डोळे म्हणजे भट्टीची भोकं, रक्ताळलेलं पोट म्हणजे लोहाने लाल झालेली नदी, असा अर्थ बरेच जण लावतात.

शंकासुर

घणाचे_घाव, वाचायला झकास. पण डोंगर धुऊन लोहवाळू काढायची आणि सगळी नदी गढूळ करायची पद्धत कोजिकीच्या बऱ्याच नंतरची. आठव्या शतकाच्या गोष्टीवर नंतरचा उद्योग चिकटवायचा म्हणजे घोड्यापुढे गाडी. मला साधा अर्थ पटतो: आठ फाट्यांची, दरवर्षी वेळेवर फुगणारी आणि भातशेती खाणारी नदी. 'कुशिनादा' हे नाव निहोन शोकीत लिहिलंय त्यात भातशेतीचंच अक्षर आहे. भाताची पोरगी आणि पुराचा साप.

घणाचे_घाव

नदीचा अर्थ मान्य. पण मग शेपटीत तलवार का? पुराच्या पाण्यात तलवार कशी येते ते सांगा, मी घण खाली ठेवतो.

जुना_कोकणी

तुम्ही दोघे भांडत रहा. गडनदी फुगलेली ज्यांनी पाहिली आहे त्यांना आठ डोक्यांचा अर्थ विचारावा लागत नाही.

मोगरा_नागोया

😄 काका!

तलवारीचं पुढे काय झालं ते माझ्या गावात येऊन संपतं. कुसानागी नागोयाच्या आत्सुता देवळात आहे असं मानतात. घरापासून चार स्टेशनं. मोठाली कापराची झाडं, कोंबडे मोकळे फिरतात. तलवार मात्र कुणालाच दाखवत नाहीत. २०१९ मध्ये नवे सम्राट गादीवर आले तेव्हा टीव्हीवर दिसली ती गुंडाळलेली पेटी, आणि तीही राजवाड्यातल्या प्रतिरूपाची.

त्या प्रतिरूपाच्या पूर्वजाची कथा अंगावर काटा आणते. ११८५, दान-नो-उराची समुद्रातली लढाई. ताइरा घराणं हरलं. आजीने जुन्या जपानी मोजणीने आठ वर्षांच्या बादशहाला, आंतोकुला, कडेवर घेतलं, लाटांखालीही राजधानी आहे म्हणाली आणि तलवारीसकट उडी मारली. राजरत्न सापडलं, तलवार नाही. नंतर लोक म्हणू लागले की आठ डोक्यांच्या ओरोचीनेच आठ वर्षांच्या बादशहाचा जन्म घेऊन आपली तलवार परत नेली. पावणेपाचशे वर्षं जुन्या लिखित गोष्टीचा हिशेब एवढ्या थंडपणे चुकता केलेला मी दुसरीकडे वाचला नाही.

रानजाई

लाटांखालची राजधानी म्हणजे र्‍यूगू, ड्रॅगनराजाचा समुद्रातला महाल ना? उराशिमा तारो कासवाच्या पाठीवर बसून जातो तो?

अवांतर: नारातल्या सारुसावा तळ्याची तेराव्या शतकातल्या कथासंग्रहात एक धमाल गोष्ट आहे. मोठ्या लाल नाकाचा एक भिक्षू. लोक नाकावरून चिडवतात म्हणून त्याने तळ्याकाठी गुपचूप पाटी लावली, "अमुक तिथीला या तळ्यातून ड्रॅगन वर जाणार." बातमी पसरली. चार प्रांतांतून माणसं लोटली. ती गर्दी बघून खुद्द पाटी लावणाऱ्यालाच वाटायला लागलं, एवढे लोक येतायत म्हणजे काहीतरी असणार! तोही जाऊन उभा राहिला. ड्रॅगन काही आला नाही.

घाटावरचा

हे म्हणजे १९९५ चं. सप्टेंबरात गणपती दूध प्यायला त्या दिवशी आमच्या आळीत ज्याने पहिली आरोळी ठोकली तोच दुपारी तांब्या घेऊन रांगेत. विचारलं तर म्हणे, मघाशी मी नीट पाहिलं नव्हतं.

संत्रानगरी

मी आठ दिवसांपासून हा धागा वाचून राहिलो, आता राहवलं नाही. तुम्ही लोक क्योतो-नारा फिरून आले, पण आमच्या नागपूरचं नाव कोणीच काढत नाही काय?

कामठीचं ड्रॅगन पॅलेस टेंपल माहीत आहे का? १९९९ साली जपानी देणगीतून उभं झालं. आत चंदनाची बुद्धमूर्ती आहे, आणि शांतता अशी की चपलेचा आवाज होईल म्हणून माणूस जपून चालते. लहानपणी मला वाटायचं आत ड्रॅगन असेल. नव्हता. 'ड्रॅगन पॅलेस' काहून म्हणतात हे तेव्हा कळलं नाही, रानजाईनं र्‍यूगू लिहिलं तेव्हा आत्ता डोक्यात उजेड पडला.

दुसरं. भदंत आर्य नागार्जुन सुरेई ससाई आमच्याकडे १९६० च्या दशकात जपानहून आले आणि इथलेच झाले. ते स्वतः सांगतात की राजगीरला रात्री ध्यानात नागार्जुन दिसले आणि म्हणाले, दक्षिणेच्या नागमहालाच्या नगरीत जा. म्हणजे र्‍यूगूच नं? त्यांनी विचार केला, नागाची नगरी म्हणजे नागपूर. गाडीत बसले आणि आले. पुढे त्यांनी मनसरला उत्खननासाठी किती खटपट केली ते इकडं सगळ्यांना माहीत आहे.

आणि बाबासाहेबांनी १९५६ च्या ऑक्टोबरात दीक्षेनंतरच्या भाषणात नागपूर काहून निवडलं ते सांगितलं होतं: इथं नाग लोक राहत, त्यांनी बुद्धाचा धर्म पसरवला. तर आमच्यासाठी नाग म्हणजे फक्त वारुळातला साप नाही, ते माणसं होते. हे पण वहीत लिहायला सांगा पोरीला.

मोगरा_नागोया

संत्रानगरी, हे मला अजिबात माहीत नव्हतं. म्हणजे एक शब्द इथून 'नाग' होऊन गेला, हजार-दीड हजार वर्षं ड्रॅगन होऊन राहिला, आणि एका भिक्षूच्या ध्यानातून पुन्हा 'नाग' होऊन नागपूर स्टेशनवर उतरला. लेकीला वाचून दाखवलं. तिचा प्रश्न: मग कामठीच्या नळाला पण जागुची म्हणतात का?

शंकासुर

चहा संपला, पुष्पक विमान आलं नाही. मी हरलो.

पण कुणी मला छतावरच्या ड्रॅगनबद्दल सांगा. झेन देवळात जिथे तिथे असतो तो.

रानजाई

मी पाहिलेत दोन. झेन देवळातल्या प्रवचनाच्या सभागृहाच्या छतावर तो काढतात. एक तर धर्माचा राखणदार, आणि दुसरं म्हणजे पाण्याचा देव, लाकडी इमारतीला आगीपासून वाचवणारा. क्योतोच्या तेनर्‍यूजीत कायामा माताझो यांनी १९९७ मध्ये काढलेला आहे, कुठूनही बघा, डोळे तुमच्यावरच. केन्निनजीत दोन आहेत, २००२ साली लावलेले, १०८ तातामींएवढं (जपानी चटया) चित्र. कोइझुमी जुनसाकु यांनी ते होक्काइदोत एका बंद पडलेल्या प्राथमिक शाळेच्या जिममध्ये बसून काढलं, कारण एवढा कागद मावणार कुठे!

पण खरा चमत्कार निक्कोला. तोशोगूच्या आवारातल्या याकुशी-दोमध्ये छतावर 'रडणारा ड्रॅगन' आहे. आत अंधुक उजेड, फोटोला बंदी. एक पुजारी हातातले दोन लाकडी ठोकळे घेऊन आधी ड्रॅगनच्या शेपटीखाली उभा राहतो आणि टक् करून वाजवतो. काही नाही, कोरडा आवाज. मग चार पावलं चालून डोक्याखाली येतो. टक्. आणि वरून घुंगरांची लड ओघळावी तसा आवाज थरथरत खाली येतो. सरळ आहे, छत आणि जमीन यांच्यामध्ये आवाज उसळ्या मारतो. तरी आमच्या गटातल्या एक आजी हात जोडून उभ्या होत्या. गंमत म्हणजे आगीपासून वाचवणारा हा ड्रॅगन १९६१ च्या आगीत स्वतःच जळाला. आताचा पुन्हा काढलेला.

जुना_कोकणी

माझा पण एक प्रश्न. र्‍यूगूच्या राजाला माकडाचं काळीज हवं होतं ती गोष्ट तिकडची का? नातवाच्या चित्रांच्या पुस्तकात आहे. मी म्हटलं, अरे ही तर आपली पंचतंत्रातली मगर, जांभळाच्या झाडावरचं माकड.

मोगरा_नागोया

काका, तीच! जातककथा आणि पंचतंत्रातून चीनमार्गे गेली. जपानच्या जुन्या 'कोन्जाकु' कथासंग्रहात भारतातल्या गोष्टींचा वेगळा भागच आहे, त्यात ती कासवाच्या नावावर आहे. पुढे लोककथेत मगरीच्या बायकोच्या जागी ड्रॅगनराजाची राणी आली. राणी आजारी, वैद्य म्हणतो माकडाचं यकृत हवं. माकडाला पाठीवर घेऊन येतात, पण वाटेत जेलीफिश बडबडतो आणि गुपित फुटतं. माकड म्हणतं, अरेरे, यकृत झाडावर वाळत घातलंय! पुढचं माहीत आहे. शिक्षा म्हणून जेलीफिशला इतकं बडवतात की त्याची सगळी हाडं जातात.

आपल्याकडे हृदय, तिकडे यकृत. मराठीला मात्र दोन्ही चालतं: कवितेत काळीज म्हणजे हृदय, मटणाच्या दुकानात काळीज म्हणजे यकृत. भाषांतर करताना पहिल्यांदाच एक शब्द फुकट मिळाला.

वहीचं म्हणाल तर लेकीने स्वतःच निकाल लावला. 'तात्सु' असंच लिहिलं, देवनागरीत. खाली एक ओळ: "हा नागाचा मामेभाऊ आहे, त्याला पाय आहेत." बाईंनी 'मामेभाऊ'खाली लाल रेघ मारून प्रश्नचिन्ह केलंय.

जुना_कोकणी

मामेभाऊ बरोबर आहे, बाईंना माझं नाव सांग.

काल नातवाला घेऊन सकाळी मालवणच्या किनाऱ्यावर गेलो होतो. रापण ओढत होते. जाळं वर आलं तर मासळी नावाला, बाकी नुसते झार. तुम्ही जेलीफिश म्हणता ते. ओढणारे वैतागले होते. नातू वाकून एकाला काठीने ढोसत म्हणाला, "आजोबा, याने कोणाला सांगितलं?"